मुक्या जिवास गाडी लागते

आपल्या मराठी भाषेंत कांहीं गोष्टी मनुष्य करीत नाहीं. त्या त्यास लागतात. भूक लागते, तहान लागते, ठेंच लागते, उचकी लागते. आणि घाटाचीं वळणें सुरू झालीं म्हणजे कित्येकांस गाडी लागते. कोंकणांतील जुन्या मंडळींस बोट लागत असे. ‘मीं गाडी लावली’ असें कोणी म्हणाला, तर त्यानें ती रस्त्याच्या कडेस उभी केली एवढाच त्याचा अर्थ होतो. मळमळीनें हैराण झालेला मनुष्य ‘मला गाडी लागली’ असेंच म्हणतो. म्हणजे सोसणारा हा कर्ता नव्हेच. भाषा त्यास चतुर्थींत बसविते आणि कर्तेपण गाडीकडे देते. भाषेनें केलेला हा न्याय आम्हांस फार योग्य वाटतो.

परंतु सोसणारा जीव मुका असला म्हणजे हा न्याय आपण सोयिस्करपणें विसरतों. घरचा कुत्रा गाडींत ओकला तर ‘त्यास गाडी लागली’ असें आपल्या तोंडीं येत नाहीं. ‘त्यानें गाडी घाण केली’ असें आपण म्हणतों, आणि त्या एका वाक्यानें तो कर्ता होतो, अपराधी होतो. गेल्या वर्षीं असाच एक अपराध आम्हीं एका निरपराध प्राण्याच्या माथीं मारला. तो प्रकार कसा घडला आणि त्यांतून आम्ही काय शिकलों, हें या महिन्यांत वाचकांपुढें ठेवण्याचा विचार आहे.

आमची आत्या चिपळुणाजवळच्या एका खेड्यांत राहत असे. वय ८२. यजमानांस जाऊन १४ वर्षें झालेलीं, मूलबाळ नाहीं. जुनें घर, एक विहीर, आंब्याचीं आठ कलमें आणि मोत्या नांवाचा सात वर्षांचा गांवठी कुत्रा, एवढाच तिचा संसार. गेल्या वर्षीं पौषांत विहिरीजवळ पाय घसरून ती पडली. हाड मोडलें नाहीं. परंतु शेजाऱ्यांनीं येऊन उठवीपर्यंत दोन तास ती तशीच पडून होती. हें ऐकल्यावर तिला पुण्यास आमच्याकडे आणावयाचें असें आम्हीं व आमच्या कुटुंबानें ठरविलें.

आत्याचें मन वळविणें सोपें नव्हतें. ती कधींच कोठें जात नसे. आमच्या मुलांच्या मुंजी झाल्या, लग्नें झालीं. तिनें दर वेळीं आहेर पाठविला, आशीर्वादाचें पत्र पाठविलें, पण ती स्वतः आली नाहीं. ‘आत्यास शहर आवडत नाहीं’ असें घरांत सर्वांनीं ठरवून टाकलें होतें. या वेळीं मात्र पुष्कळ आर्जव केल्यावर ती म्हणाली, “मोत्या येत असेल तर येत्यें. धर्मराजानें कुत्र्यावांचून इंद्राच्या रथांत पाऊल ठेवलें नाहीं. तुझी गाडी कांहीं इंद्राच्या रथाहून मोठी नाहीं.”

महाप्रस्थानिक पर्वाचा हा दाखला ऐकून आम्ही हंसलों आणि अट मान्य केली. कुत्र्यास गाडींत घालून आणणें यांत कठीण तें काय, असें आम्हांस वाटलें. माघांतल्या एका सकाळीं आम्ही निघालों. वाटेंत भूक लागूं नये म्हणून मोत्यास पोटभर दूधपोळी घातली. तो गाडीजवळ येईना, म्हणून पट्ट्यास धरून ओढून आंत बसविला. आत्या त्याच्याजवळ मागें बसली. चिपळूण सोडण्यापूर्वींच मोत्याच्या तोंडांतून लाळ गळूं लागली. तो जिभेनें ओठ चाटी, जांभया देई, वरचेवर गिळल्यासारखें करी. आम्ही म्हणालों, “नवी जागा आहे, रुळेल.” पोफळी मागें पडली, कुंभार्ली घाट सुरू झाला, आणि तिसऱ्या वळणावर सारी दूधपोळी आत्याच्या लुगड्यावर आली. त्यानंतर पोटांत कांहीं न उरतांहि तो ओकतच राहिला. आम्ही त्यास मोठ्यानें दटावलें. तो आसनाखालीं तोंड खुपसून कांपूं लागला. आत्याचा चेहरा पांढराफटक झाला होता. तो कुत्र्याच्या काळजीनें झाला असावा असें आम्ही समजलों. ती एवढेंच म्हणाली, “गाडी फिरव. आम्हांला घरीं सोड.”

त्या दिवशीं संध्याकाळीं मोत्यास चिपळुणांत पशुवैद्यांकडे नेण्याचें ठरलें. परंतु तो गाडीकडे पाहूनच लाळ गाळूं लागला, म्हणून शेवटीं आम्ही एकटेच गेलों. त्या डॉक्टर बाई वयानें लहान, पण आपल्या विषयांत मुरलेल्या होत्या. त्यांनीं पहिला प्रश्न केला, “यापूर्वीं हा वाहनांत कधीं बसला होता?” आम्हांस आठवलें, पिलूं असतांना लस टोंचण्यासाठीं एकदां त्यास रिक्षांतून नेलें होतें, आणि तेव्हांहि तो ओकला होता. त्या म्हणाल्या, “काका, त्याला आधीं गाडी लागली आणि मग गाडीचें भय बसलें. आतां हीं दोन दुखणीं आहेत. पहिल्याला औषध आहे; दुसऱ्याला वेळच द्यावा लागेल.”

हें गाडी लागणें म्हणजे काय, तें त्यांनीं समजावून सांगितलें व पुढें आम्हींहि वाचून पाहिलें. कान हा ऐकण्याचा अवयव एवढेंच आपण जाणतों. परंतु कानाच्या अगदीं आंतल्या भागांत, कवटीच्या हाडांत, तोल सांभाळणारी एक लहानशी रचना आहे. तींत तीन अर्धवर्तुळाकार नलिका असतात. मान वळली कीं त्यांतील द्रव हलतो आणि ती वार्ता मेंदूस पोंचते. त्यांच्या शेजारीं दोन पिशव्या असतात. त्यांत चुन्याचे अतिसूक्ष्म खडे असून ते पुढें-मागें, वर-खालीं होणारी हालचाल आणि गुरुत्वाकर्षणाची दिशा यांची वर्दी देतात. मनुष्य, कुत्रा, मांजर, सर्वांची रचना मूलतः हीच. या इंद्रियाच्या कार्याचा छडा लावल्याबद्दल रॉबर्ट बारानी यांस १९१४ सालचें नोबेल पारितोषिक मिळालें. हें इंद्रिय ज्यांत निकामी झालेलें असतें अशा बहिऱ्या माणसांस गरगर फिरविलें तरी भोंवळ येत नाहीं, हें विल्यम जेम्स यांनीं १८८२ मध्येंच नमूद केलें होतें. पुढें विसाव्या शतकांत कुत्र्यांवर प्रयोग झाले. त्यांतहि, अंतःकर्णांतील ही रचना काढून टाकलेल्या कुत्र्यांस झोपाळ्यावर कितीहि हेलकावे दिले तरी ओकारी होत नाहीं, असें आढळलें. म्हणजे या दुखण्याचें मूळ पोटांत नाहीं, कानांत आहे.

घाटांतून जाणाऱ्या गाडींत काय घडतें तें आतां ध्यानांत येईल. डोळ्यांस समोरचें आसन स्थिर दिसतें. कान मात्र सांगतो कीं आपण डावीकडे वळलों, उजवीकडे कललों, मध्येंच थबकलों. दोन साक्षीदारांच्या जबान्या जुळत नाहींत आणि मेंदू गोंधळतो. जो गाडी हांकतो त्यास पुढचें वळण आधींच ठाऊक असतें, म्हणून त्यास बहुधा त्रास होत नाहीं. मागें जमिनीलगत बसविलेल्या कुत्र्यास ना रस्ता दिसत, ना वळणाची सूचना मिळत. पिलांस हा त्रास अधिक होतो, कारण त्यांची तोलाची व्यवस्था अजून पुरी तयार झालेली नसते. पुष्कळ पिलें वर्षभराचीं होईपर्यंत त्यांतून बाहेर पडतात. पण लहानपणींच्या त्या प्रवासाचें भय मनांत घट्ट बसलें, तर कान सुधारला तरी मन सुधारत नाहीं.

हा मनाचा दुबळेपणा, असें मात्र कोणीं समजूं नये. १८३१ ते १८३६ या काळांत ‘बीगल’ जहाजावरून पृथ्वीप्रदक्षिणा करणारा चार्ल्स डार्विन बोट लागण्यानें कायमचा बेजार असे. मळमळीस इंग्रजींत जो शब्द आहे, तो ग्रीक भाषेंतल्या ‘नाउस’ म्हणजे जहाज या शब्दापासून आलेला. आणि तो शब्द आपल्या संस्कृत ‘नौ’ शब्दाचा सख्खा भाऊ आहे. प्राण्यांची गोष्ट तर याहून नवलाची आहे. उंदीर आणि घोडा यांस ओकतांच येत नाहीं. त्यांची शरीररचनाच तशी आहे. उलट, आपल्या घरांत रात्रीं भिंतीच्या कडेनें चूंचूं करीत पळणारी चिचुंद्री थोडा वेळ हेलकावे दिले कीं ओकते. १९८० नंतरच्या दशकांत जपानमधील संशोधकांनीं हें दाखवून दिलें, आणि तेव्हांपासून या दुखण्याच्या अभ्यासांत तिला मानाचें स्थान मिळालें. जिला पाहतांच आपण केरसुणी उचलतों, तिनें माणसाच्या बोट लागण्यावरील संशोधनास हातभार लावावा, हा योग लक्षांत ठेवण्याजोगा आहे.

आतां दुसऱ्या दुखण्याविषयीं, म्हणजे भयाविषयीं. रशियांतील पाव्हलोव्ह यांस पचनक्रियेवरील संशोधनाबद्दल १९०४ सालीं नोबेल पारितोषिक मिळालें. अन्न येण्यापूर्वीं ठराविक खूण केली, तर कांहीं दिवसांनीं नुसत्या खुणेनेंच कुत्र्याच्या तोंडास पाणी सुटतें, हें त्यांचें निरीक्षण आज शाळेंतलीं मुलेंहि जाणतात. मोत्याच्या बाबतींत तेंच उलट्या दिशेनें घडलें होतें. गाडीचा वास, दार लागल्याचा आवाज, इंजिनाची घरघर, या त्याच्या लेखीं मळमळीच्या खुणा झाल्या होत्या. म्हणून चाक न फिरतांच त्याची लाळ गळूं लागे. आणि या खुणांत आमच्या दटावण्याची भर आम्हीं आमच्या हातानें घातली होती.

तेव्हां फाल्गुनांत आम्ही उभयतां आत्याकडे सहा आठवडे जाऊन राहिलों. डॉक्टर बाईंनीं प्रथम मोत्याचे कान तपासले. वाढत्या वयांत कुत्रा अचानक ओकूं लागला, मान एका बाजूस कलती धरूं लागला, किंवा त्याचीं बुबुळें आपोआप हालूं लागलीं, तर तें गाडी लागणें नसून कानाचा किंवा मेंदूचा आजार असूं शकतो. म्हणून ही तपासणी आधीं करावी. मोत्याचे कान निकोप होते. मग त्यांनीं सांगितलेला क्रम आम्हीं सुरू केला.

पहिला आठवडा गाडी अंगणांत नुसती उभी. चारी दारें उघडीं. मोत्याचें ताट प्रथम गाडीपासून दहा पावलांवर, मग पांच पावलांवर, मग दाराशीं. त्यास ओढावयाचें नाहीं, बोलवावयाचेंहि नाहीं. आठव्या दिवशीं तो आपण होऊन आंत चढला आणि आत्याच्या जुन्या लुगड्याच्या घडीवर जाऊन बसला. दुसऱ्या आठवड्यांत दार लावावयाचें, उघडावयाचें. मग इंजिन सुरू करून लगेच बंद करावयाचें. तिसऱ्यांत गाडी बेड्यापर्यंत नेऊन परत. चौथ्यांत देवळापर्यंत, तेथें उतरून त्यानें मनसोक्त हुंगावें, धांवावें, आणि आत्यानें दिलेला भाकरीचा तुकडा खावा. गाडीच्या शेवटीं टोंचणी नसून सुख आहे, असा नवा धडा जुन्या धड्यावर गिरवावयाचा होता. मात्र फेरी लाळ सुटण्यापूर्वीं संपली पाहिजे; सुटलीच तर दुसऱ्या दिवशीं एक पायरी मागें यावयाचें. हें चुकूं नये म्हणून आम्हीं एक वहीच घातली. ओठ चाटणें, वरचेवर गिळणें, जांभई, धाप, अस्वस्थपणा, कण्हणें, आणि शेवटीं ओकारी. जें जें दिसे तें तें वेळ घालून टिपून ठेवीत असूं. त्यांत जांभई आळसाची नसून मळमळीची असूं शकते, हें आम्हांस या वयांत नव्यानेंच समजलें.

आत्या प्रत्येक फेरीस येई. पुढच्या आसनावर बसून समोर नजर लावी, एक शब्द बोलत नसे. “तूं कशाला दगदग करितेस?” असें विचारलें तर म्हणे, “मोत्यास सोबत लागते.” पांचव्या आठवड्यांत आम्हीं आठ-दहा किलोमीटरांचा पल्ला गांठला. सहाव्यांत पोफळीपर्यंत जाऊन आलों.

आमच्या वाचकांपैकीं ज्यांच्या घरीं पाळलेलीं जनावरें आहेत, त्यांच्यासाठीं प्रवासाच्या दिवसाचे नियम येथें थोडक्यांत देतों. धडधाकट मोठ्या कुत्र्यास निघण्यापूर्वीं सुमारें सहा तास जड अन्न देऊं नये. पाणी मात्र तोडूं नये. लहान पिलें आणि आजारी जनावरें यांना उपास घडवूं नये. त्यांच्याविषयीं पशुवैद्यांस विचारावें. कुत्र्यास मागच्या आसनावर, तोंड पुढें करून, छातीस पट्टा बांधून बसवावें, म्हणजे वळणावर तो आदळणार नाहीं. खिडकी थोडी उघडी असावी, परंतु डोकें बाहेर काढूं देऊं नये. त्याच्या अंगाचा वास असलेलें एखादें जुनें वस्त्र खालीं अंथरावें. गाडींत सुगंधी द्रव्यें शिंपडूं नयेत. जें आपल्या नाकास सौम्य वाटतें तें त्याच्या नाकास असह्य होतें. दर दोन तासांनीं थांबून गळ्यांतील साखळी न सोडतां चार पावलें फिरवावें. मांजरास मात्र मोकळें ठेवूं नयेच. त्याची पाटी झांकणाची असावी, ती प्रवासापूर्वीं कांहीं दिवस घरांतच उघडी ठेवावी, म्हणजे तें तींत आपण होऊन झोंपूं लागतें; आणि वाटेंत तिच्यावर पातळ कापड घालावें. मांजर पुष्कळदां ओकत नाहीं, एकसारखें ओरडतें, लाळ गाळतें किंवा जागींच लघवी करितें. तो हट्ट नव्हे. तेंहि गाडी लागण्याचें अथवा भयाचेंच लक्षण असूं शकतें.

उन्हाळ्यांत आणखी एक गोष्ट प्राणापलीकडे जपावी. बंद गाडींत जनावर ठेवून ‘पांच मिनिटांत येतों’ म्हणून कोणीं जाऊं नये. उन्हांत उभ्या केलेल्या गाडींतील उष्णता दहा मिनिटांत सुमारें १० अंशांनीं वाढते. कुत्र्यास माणसासारखा सर्वांगास घाम येत नाहीं. तो मुख्यतः धापा टाकून अंग थंड करितो, आणि आंतील हवाच तापली म्हणजे तो उपायहि खुंटतो.

औषधाविषयीं. कुत्र्यांच्या गाडी लागण्यावर मारोपिटंट नांवाचें औषध निघालें असून युरोप व अमेरिका येथें २००६-०७ च्या सुमारास त्यास मान्यता मिळाली. मेंदूंतील ओकारीच्या केंद्रावर तें काम करितें. परंतु त्यानें भय जात नाहीं. म्हणून औषध देऊन कुत्र्यास ओढत नेणें म्हणजे अर्धाच उपाय होय. नुसतें गुंगीचें औषध देऊन त्यास निपचित पाडणें हाहि खरा उपाय नव्हे. शरीर शांत दिसतें, आंतलें भय तसेंच राहूं शकतें. माणसांच्या गोळ्यांपैकीं कांहीं पशुवैद्यहि देतात, पण मात्रा त्यांनींच ठरवावी. घरांतल्या डब्यांतून अंदाजानें गोळी काढून देण्याची संवय घातक आहे. ताप-अंगदुखीवर आपण सहज घेतों तें पॅरासिटामॉल मांजरास प्राणघातक ठरतें. तसेंच प्रवासाच्या डब्यांतलीं द्राक्षें, मनुका व चॉकोलेट हीं कुत्र्यास विषासमान आहेत. लाडानें हातावर ठेवूं नयेत.

असो. चैत्र वद्यांत एके दिवशीं पहांटे पांच वाजतां आम्ही दुसऱ्यांदां निघालों. मोत्याच्या पोटांत आदल्या संध्याकाळची थोडी पेज होती. डॉक्टर बाईंनीं दिलेली गोळी त्यांच्या सांगण्याप्रमाणें दिली होती. मागें आमच्या कुटुंबाच्या शेजारीं तो लुगड्याच्या घडीवर बसला. आत्या पुढें. पोफळी गेली, घाट सुरू झाला. आम्ही गाडी इतकी सावकाश हांकीत होतों कीं मागच्या ट्रकवाल्यांनीं भोंगे वाजवून आमचा उद्धार केला. तिसरें वळण आलें आणि गेलें. माथ्यावर पोंचलों तेव्हां मोत्यानें फक्त दोनदां ओठ चाटले होते. कोयनानगरास थांबलों. तो खालीं उतरला, अंग झाडलें, पाणी प्याला आणि एका दगडावर यथासांग आपला हक्क सांगून आला. आमच्या आनंदास पारावार राहिला नाहीं. आम्ही चहा आणि घरची दशमी घेऊन आत्याकडे गेलों.

तिनें हातानेंच ‘नको’ म्हटलें. तेव्हां प्रथमच आम्हीं तिच्याकडे नीट पाहिलें. चेहरा पांढराफटक. कपाळावर घाम. ओठ कोरडे पडलेले, आणि ते ती वरचेवर ओले करीत होती. तिनें गिळलें, जांभई दिली, पुन्हां गिळलें. हीं सारीं लक्षणें आम्हीं सहा आठवडे वहींत टिपलीं होतीं. मात्र मागच्या आसनावरच्या प्रवाशाचीं.

“आत्या, तुला गाडी लागते?”

“लागते हो.”

“केव्हांपासून?”

“सन १९६१ पासून,” ती म्हणाली. नव्या नवरीस घेऊन वऱ्हाड मुंबईहून आगबोटीनें दाभोळास निघालें होतें. वारा सुटला, बोट हेलकावे खाऊं लागली. तिनें सासरच्या बायकांस सांगितलें कीं मला बोट लागते आहे, मला निजूं द्या. त्या हंसल्या. नव्या नवरीचे नखरे, असें एक म्हणाली. ती शालूसकट ओकली, आणि ती कथा सासरीं कित्येक वर्षें प्रत्येक हळदीकुंकवास रंगवून सांगितली गेली. “तेव्हांपासून कोणाला बोललें नाहीं. कार्यास बोलावणें आलें कीं कांहीं तरी कारण काढावें. मग मोत्या आला, त्याचें निमित्त मला पुरत होतें.” थोडें थांबून ती म्हणाली, “मीं तोंड उघडून सांगितलें, तर कोणीं ऐकलें नाहीं. ह्याला तोंड नाहीं, तर तूं वही घालून बसलास. बरें आहे बाबा त्याचें.”

आम्हांस उत्तर सुचलें नाहीं. माघांत घाटांत ‘गाडी फिरव’ ती कोणासाठीं म्हणाली, सहा आठवडे रोज पुढच्या आसनावर मुकाट्यानें येऊन ती कोणास संवय लावीत होती, आमच्या मुलांच्या मुंजींस ती कां आली नाहीं, या सर्वांचा उलगडा एका क्षणांत झाला. आत्या शहरास नाक मुरडते असें आम्ही तीस वर्षें म्हणत आलों होतों.

पुढचा रस्ता आम्हीं दोन प्रवाशांसाठीं हांकला. दर तासास थांबलों. पाटण, उंब्रज, सातारा करीत पुण्यास पोंचलों तेव्हां दुपारचे दोन वाजले होते. खंडाळ्याच्या अलीकडे आत्या एकदां ओकली. मोत्या मागून मान पुढें काढून तिच्या खांद्याशीं हुंगत राहिला. कोणीं कोणास दटावलें नाहीं.

आतां आत्याच्या औषधपाण्याकडे आमचे घरचे डॉक्टर पाहतात. दर रविवारीं सकाळीं आम्ही दोघांस पर्वतीच्या पायथ्यापर्यंत गाडींतून नेऊन आणतों, संवय मोडूं नये म्हणून. आत्या पुढें बसते, मोत्या मागें. आणि व्याकरणाच्या दृष्टीनें दोघेंहि चतुर्थींत.

सुटीचे दिवस जवळ येत आहेत. घरोघरीं प्रवासाचे बेत ठरत असतील. ज्यांच्या घरीं मुका जीव आहे त्यांनीं निघण्यापूर्वीं सहा आठवडे हाताशीं ठेवावे, एवढी आमची सूचना आहे. आणि ज्यांच्या घरीं एखादें वडील माणूस दर वेळीं ‘तुम्ही जा, मला कांहीं प्रवास आवडत नाहीं’ असें म्हणून मागें राहत असेल, त्यांनीं त्याच्याजवळ बसून कारण एकदां नीट विचारावें, आणि उत्तर आलें तर हंसूं नये.